युद्धकाळातल्या प्रेमपटाला मराठी सबटायटलं: कामाचा क्रम आणि हमखास होणाऱ्या चुका

माझ्याकडे अधूनमधून सबटायटलच्या फायली तपासायला येतात. कुठल्या तरी फिल्म क्लबातल्या दोघा-तिघांनी रात्री जागून केलेलं काम असतं. भाषा बरी असते, कष्टही दिसतात, आणि तरी पडदा सुरू झाला की सिनेमा अंगाला लागत नाही. कारण बहुतेक वेळा एकच: कामाचा क्रम उलटा. इंग्रजी फाइल उघडली, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत मराठी केलं आणि मग सिनेमा लावून पाहिला. विनोदी सिनेमाला हे कसंबसं निभावतं. ज्या सिनेमात माणसं मनातलं बोलतच नाहीत आणि बोलायचं राहून गेलं त्याचीच गोष्ट असते, तिथे निभावत नाही.

उदाहरणाला एकच सिनेमा धरते: मिखाईल कलातोझोव्ह यांचा १९५७ चा रशियन कृष्णधवल सिनेमा. मूळ नाव ‘लेत्यात झुराव्ली’, म्हणजे ‘करकोचे उडताहेत’. मॉस्को, १९४१. वेरोनिका आणि बोरिसचं प्रेम जमलेलं आहे. युद्ध सुरू होतं, बोरिस आपणहून सैन्यात नाव घालतो आणि निरोप घ्यायचा राहून जातो. वेरोनिकाचे आईवडील बाँबहल्ल्यात जातात, ती बोरिसच्या घरी राहायला येते आणि त्याच्याच नात्यातल्या मार्कशी तिचं लग्न होतं. पुढचा सिनेमा त्या लग्नाच्या पश्चात्तापाचा आणि न आलेल्या पत्राचा. तुमचा सिनेमा दुसरा असला तरी अडचणी याच येतील.

१. फाइलला हात लावण्याआधी

आधी परवानगी. भाषांतर करून जाहीर खेळ लावायचा तर सिनेमाचे हक्क ज्याच्याकडे आहेत त्याचं लेखी पत्र हवं. यूट्यूबवर सिनेमा फुकट दिसतो म्हणजे हॉलमध्ये लावायची मुभा मिळाली, असं होत नाही.

मग सिनेमाची प्रत पक्की करा. एकाच सिनेमाच्या दोन प्रतींची लांबी वेगळी असू शकते. फिल्म सेकंदाला २४ फ्रेमनी चालते. जुन्या युरोपीय टीव्ही पद्धतीच्या प्रती २५ नी. ९५ मिनिटांचा सिनेमा २५ नी चालवला की सुमारे ९१ मिनिटांत संपतो. तुम्ही एका प्रतीवर सबटायटलं बसवलीत आणि क्लबाने दुसरी लावली, तर सुरुवात जुळेल आणि शेवटाला ओळी चार मिनिटं मागे किंवा पुढे गेलेल्या असतील.

तपासा: ओळी सगळीकडे सारख्याच पुढे-मागे होत असतील तर ती सरळ सरकवायची गोष्ट आहे, व्हीएलसी या प्लेअरमध्ये जी आणि एच या कळांनी किती सरकवायचं ते कळतं. फरक हळूहळू वाढत जात असेल तर फ्रेमचा घोळ आहे, सरकवून सुटणार नाही. ‘सबटायटल एडिट’ या सॉफ्टवेअरमध्ये फ्रेमरेट (सेकंदाला किती फ्रेम) बदलायची सोय आहे, ती वापरा.

२. दोनदा पाहा, एकदा मुका

पहिल्यांदा सिनेमा नुसता पाहा, प्रेक्षक म्हणून. वही बंद.

दुसऱ्यांदा आवाज बंद करून, सबटायटलं बंद करून पाहा आणि वहीत फक्त एक गोष्ट टिपा: कुठल्या मिनिटापासून कुठल्या मिनिटापर्यंत पडद्यावर काहीही लिहायचं नाही. वेरोनिका निरोपाच्या गर्दीत बोरिसला शोधत धावते, तिने फेकलेलं बिस्किटांचं पुडकं निघालेल्या सैनिकांच्या पायाखाली जातं. बोरिसला गोळी लागल्यावर बर्चच्या झाडांचे शेंडे त्याच्याभोवती गरगरतात आणि त्यातच न झालेलं लग्न दिसतं. अशा जागांना मी लाल पेनाने चौकट करते. गर्दीतल्या कोणा अनोळखी बाईची हाक, मागे वाजणाऱ्या गाण्याचे शब्द, लांबून ऐकू आलेली ऑर्डर, असलं काहीही त्या चौकटीत येऊ द्यायचं नाही, जोपर्यंत गोष्ट समजायला ते लागत नाही. इंग्रजी फाइलमध्ये ते आहे हे कारण पुरेसं नाही.

सावध: नवशिक्याला रिकामा पडदा पाहून अपराधी वाटतं. आपण काहीतरी सोडलं, असं वाटतं. वाटू द्या.

३. नात्यांचा आणि संबोधनाचा तक्ता

सगळ्यात जास्त चुका इथे होतात, आणि हा तक्ता करायला फार तर दोन तास लागतात.

इंग्रजीत ‘यू’ एकच. रशियनमध्ये मात्र ‘ती’ आणि ‘वी’ असे दोन शब्द आहेत, आपल्या तू आणि तुम्हीसारखे. म्हणजे जे मूळ भाषेत आहे आणि मराठीतही आहे, तेच मधल्या इंग्रजीने खाऊन टाकलेलं असतं. रशियन येत नसलं तरी कान लावून हे दोन आवाज पकडता येतात. एका कागदावर आडवी-उभी नावं लिहा: बोलणारा डावीकडे, ऐकणारा वर. प्रत्येक चौकोनात तू किंवा तुम्ही. बोरिस आणि वेरोनिका एकमेकांना ‘तू’. इथे कोणीतरी जुन्या मराठी नाटकाच्या सवयीने वेरोनिकाच्या तोंडी ‘तुम्ही’ घालतं आणि जिन्यावरून धावत खिदळणारी दोन पोरं एकदम संसारी जोडपं होऊन बसतात.

नात्यांचंही तसंच. ‘अंकल’ म्हणजे काका, मामा, आत्याचा नवरा की शेजारचे गृहस्थ? ‘कझिन’ चुलत, मामे, आते की मावस? इंग्रजी फाइल सांगत नाही. आडनावं पाहा, इतर प्रसंगांतले उल्लेख जमवा आणि ठरवून टाका. एका फाइलमध्ये मी एकच माणूस पहिल्या अर्ध्या तासात काका आणि नंतर मामा झालेला पाहिला आहे. दोघांनी काम वाटून घेतलं होतं, तक्ता मात्र कोणाकडेच नव्हता.

बोरिसच्या वडिलांना लोक ‘फ्योदोर इवानोविच’ म्हणतात. इवानोविच हे आडनाव नाही, ‘इवानचा मुलगा’. नाव आणि वडिलांचं नाव एकत्र घेणं हाच तिथला आदर. म्हणून त्यापुढे ‘राव’, ‘साहेब’, ‘जी’ काही जोडू नका. क्रियापद आदरार्थी केलं की झालं.

आता लिंग. इंग्रजीत ‘आय वेटेड’ कोण म्हणतंय याचा पत्ता लागत नाही. मराठीत ‘थांबलो’ की ‘थांबले’ हे लिहावंच लागतं. समोर माणूस दिसत असेल तर प्रश्न नाही. पण पत्र वाचतानाचा आवाज, फोनवरचा आवाज, पाठमोरा माणूस, गर्दीतली हाक, या जागी नुसती फाइल पाहून केलेलं भाषांतर हमखास फसतं. अशा प्रत्येक ओळीपुढे ‘बाई’ किंवा ‘पुरुष’ असं आधीच लिहून ठेवा.

तपासा: तक्ता पूर्ण झाल्यावर फाइलमधल्या कुठल्याही वीस ओळी उचला. प्रत्येकीचा बोलणारा, ऐकणारा आणि दोघांमधलं तू-तुम्ही न अडखळता सांगता आलं तरच पुढे जा.

४. हट्टी शब्दांची यादी

प्रत्येक सिनेमात दहा-बारा शब्द असे असतात की ते चुकले तर गोष्टच चुकते. ते आधी सोडवायचे, ओघात नाही.

पहिला शब्द ‘बेपत्ता’. बोरिसबद्दल घरी कळतं ते एवढंच. रशियन शब्दप्रयोगाचा अर्थ ‘वार्ता न लागता नाहीसा झालेला’. मराठी सरकारी भाषेत ‘बेपत्ता’ हा तयार शब्द आहे आणि तो अगदी नेमका बसतो. तरी मी ‘हरवला’, ‘गायब झाला’, एकदा तर ‘मिसिंग आहे’ वाचलं आहे. हरवलेलं मूल सापडतं. गायब माणूस पळून गेलेला असू शकतो. बेपत्ता सैनिकाच्या घरी दार वाजलं की सगळे दचकतात. पुढे आघाडीवरचा सोबती वोलोद्या बोरिसच्या मरणाची बातमी आणतो, तरी बोरिसचा मित्र स्तेपान परत येईपर्यंत वेरोनिका आशा सोडत नाही. तिची ती आशा या एका शब्दावर उभी आहे, म्हणून तो सिनेमाभर एकच ठेवा. समानार्थी शब्दांची हौस इथे नको.

दुसरा, पक्षी. झुराव्ल म्हणजे क्रौंच कुळातला पक्षी. क्रौंच, सारस, करकोचा, बगळा, चारही पर्याय लोक लिहितात. बगळा चूकच. सारस आपल्याकडे जोडीने शेतात दिसणारा, थव्याने दूरदेशी निघालेला डोळ्यांसमोर येत नाही. ‘क्रौंच’ लिहिलं की वाल्मीकी, निषाद आणि तो पहिला श्लोक सगळे पडद्यावर येऊन बसतात. काहींना तेच आवडेल. मला तो भार नको वाटतो, कारण सिनेमात पक्षी येतात ते पोरकट बडबडगीतातून: जहाजांसारखे करकोचे आभाळातून चाललेत, कोणी पांढरे, कोणी करडे, सगळे लांब नाकाचे. कोल्हा आणि करकोच्याची गोष्ट ऐकून मोठा झालेला मराठी माणूस लांब चोचीला लगेच ओळखतो. मी असं केलं होतं: ‘करकोच्यांची होडकी निघाली रांगेत, / पांढरी नि करडी, लांब चोची ऐटीत.’ फार मोठं काव्य नाही, पण गुणगुणता येतं, आणि ते गीत पुन्हा येतं तेव्हा कान ओळखतो. गुणगुणता न येणारी ओळ इथे कुचकामाची.

तिसरा, लाडाचं नाव. बोरिस वेरोनिकाला ‘बेल्का’ म्हणतो, म्हणजे खार. मराठीत लाडाने खारीला काय म्हणतात? खारुताई! आता प्रियकराच्या तोंडी ‘ताई’ घालून पाहा. हॉल हसेल आणि निरोपाचा प्रसंग गेला. हा खड्डा मी स्वतः अनुभवलेला आहे, सुदैवाने घरच्या चाचणीतच. उपाय साधा: हाक ‘बेल्का’च ठेवायची, ती कानाला ऐकू येतेच आहे. सुरुवातीला एकदा जागा पाहून ‘बेल्का, माझी खार’ लिहायचं. पुढे बोरिस तिच्या वाढदिवसासाठी खेळण्यातली खार ठेवून जातो आणि चिठ्ठी तिच्या टोपलीत दाण्यांखाली दडलेली राहते. तिथे प्रेक्षकाच्या मनात खार आणि वेरोनिका आधीच जोडलेल्या हव्यात. नाहीतर चिठ्ठी सापडते तेव्हा नुसतं एक खेळणं दिसतं.

चौथा, ‘बोर्का’. वेरोनिका रस्त्यावर एका लहान मुलाला वाचवते, त्याचं नाव बोर्का. रशियन माणसाला लगेच कळतं की हे बोरिसचंच लाडकं रूप. मराठी प्रेक्षकाला बोर, बोरं, काहीही आठवेल, बोरिस आठवेलच असं नाही. स्पष्टीकरण जोडायचं नाही हा माझा नियम, पण या एका ओळीत मी ‘बोरिस’ लिहिते. पोराच्या तोंडून ‘बोर्का’ ऐकू येतं, डोळ्यांना ‘बोरिस’ दिसतं. दोन्ही मिळून काम होतं.

सावध: ‘नाइलाजाने’, ‘परिस्थितीमुळे’ असे शब्द स्वतःहून घालू नका. वेरोनिकाने मार्कशी लग्न का केलं हे सिनेमा शब्दांत सांगत नाही. तुम्हीही सांगू नका.

५. वेळ आधी, मजकूर नंतर

फाइलमध्ये रिकाम्या सबटायटलांच्या वेळा आधी बसवा, मग त्यांत मराठी भरा. उलट केलं की वाक्याच्या लांबीप्रमाणे वेळ ताणायची सवय लागते.

ओळ बोलण्याबरोबर यावी, आधी नाही. वोलोद्याच्या तोंडून बोरिसचं मरण बाहेर पडण्याआधी अर्धा सेकंद जरी ओळ पडद्यावर आली, तरी प्रेक्षक चेहरा सोडून अक्षरं वाचतो आणि धक्का नटाऐवजी तुम्ही देऊन मोकळे होता. वाक्याच्या मध्ये नट थांबला असेल तर सबटायटल तोडून दोन करा. शॉट बदलला तर शक्यतो ओळही संपवा.

कमीत कमी एक सेकंद, जास्तीत जास्त सहा-सात. दोन सबटायटलांमध्ये दोन-तीन फ्रेमची फट, म्हणजे ओळ बदलल्याचं डोळ्याला कळतं.

६. पहिला खर्डा

आता भाषांतर. घरातलं बोलणं बोलीत: ‘गेलं’, ‘झालं’, ‘कुठंय’. रेडिओवरची युद्धाची घोषणा आणि सरकारी कागद ग्रांथिक मराठीत. हा फरक ठेवला की कोण कुठून बोलतंय ते न सांगता कळतं.

पश्चात्तापाच्या ओळी मात्र घाईत करू नका. ‘आय एम सॉरी’ला फायलींमध्ये सरसकट ‘मला माफ कर’ असतं. मराठी माणूस असं फार क्वचित म्हणतो. ‘चुकलं माझं’ म्हणतो, ‘वाईट झालं’ म्हणतो, कधी नुसतं ‘राहू दे’ म्हणतो. पहिलं कबुलीचं, दुसरं सांत्वनाचं, तिसरं पुढे बोलवत नाही म्हणून. तिन्ही जागी माफी घातली तर तिन्ही प्रसंग एकसारखे होतात. ‘आय मिस यू’साठी ‘तुझी उणीव भासते’ हे तर निवेदन झालं. ‘तुझ्याशिवाय करमत नाही’ असं माणूस बोलतो, आणि कित्येकदा नुसतं ‘कधी येशील?’ पुरतं.

न घडलेल्या गोष्टीसाठी मराठीत ‘असतं तर’ची सोय आहे. ‘मी लवकर पोचायला हवं होतं’ आणि ‘मी लवकर पोचले असते तर…’ यांत पहिलं स्वतःला दटावणं आहे, दुसरं अर्ध्यात सुटलेलं आहे. नटीचा आवाज खाली गेला की वर चढला हे ऐकून ठरवा. शब्दकोशात हे मिळत नाही.

एकच शब्द पात्र चार-पाच वेळा उच्चारत असेल, ‘नाही, नाही, नाही’ असं, तर तो एकदाच लिहा. बाकीचं कानाला कळतं.

७. छाटणी

खर्डा झाला की फाइल एक रात्र बंद ठेवा. मग कात्री घ्या.

इस्पितळातला प्रसंग घ्या. एका जखमी सैनिकाला कळतं की त्याच्या वाग्दत्त वधूने दुसऱ्याशी लग्न केलं. तो थैमान घालतो. तिथले डॉक्टर, बोरिसचे वडील फ्योदोर इवानोविच, त्याला धीर द्यायला येतात आणि असल्या मुलींबद्दल तावातावाने बोलत सुटतात. तिथेच उभी असलेली वेरोनिका सगळं ऐकते आहे. बोलणं लांब आहे, वेगात आहे आणि इंग्रजी फाइलमध्ये जवळजवळ सगळं उतरवलेलं असतं. तेवढंच मराठी केलं तर प्रेक्षक पूर्ण वेळ पडद्याच्या तळाशी वाचत बसतो आणि वेरोनिकाचा चेहरा पाहायचा राहतो. प्रसंग तर तिच्या चेहऱ्यावरच घडतो आहे!

माझी पद्धत अशी: आधी भाषणातल्या ज्या ओळी तिला लागतात तेवढ्या खुणा करून ठेवायच्या, त्यांना हात लावायचा नाही. मग सैनिकाला दिलेला नुसता धीर एकेका ओळीत आणायचा. मग संबोधनं, ‘अरे’, ‘हे बघ’, ‘समजलं ना’ यांतलं निम्मं काढायचं, कारण ते आवाजात आहे. कॅमेरा वेरोनिकावर गेला की त्या वेळची ओळ तीन-चार शब्दांहून मोठी ठेवायची नाही. आणखी एक: मूळ बोलणं कडक आहे, शिवराळ नाही. ‘कुलटा’, ‘बदफैली’ असले शब्द घालून म्हाताऱ्याला खलनायक करू नका. तो चांगला माणूस आहे, म्हणूनच त्याचं बोलणं तिला इतकं लागतं.

अक्षरं मोजताना सॉफ्टवेअरवर डोळे झाकून विश्वास ठेवू नका. ‘स्त्री’ हा शब्द डोळ्याला एक अक्षर, संगणकाला सहा खुणा: स, हलन्त, त, हलन्त, र आणि वेलांटी. त्यामुळे इंग्रजीसाठी ठरवलेली ओळीला ४२ अक्षरांची मर्यादा मराठीत उगाच लाल दिवा दाखवते. मी ओळीला सहा-सात शब्द आणि जास्तीत जास्त दोन ओळी धरते, आणि प्रत्येक सबटायटल मनातल्या मनात दीडदा वाचून होतं का ते पाहते. नाही झालं तर वेळ वाढवायची नाही, शब्द कमी करायचे.

तपासा: ओळ तोडताना नाम आणि त्याचा प्रत्यय, ‘नाही’ आणि त्याचं क्रियापद वेगळं पडू देऊ नका. ‘तो परत येणार / नाही’ अशी तोडलेली ओळ मी प्रत्यक्ष पाहिली आहे. वरची ओळ वाचून एक क्षण आशा वाटली, हे मान्य.

८. फाइल, फॉन्ट आणि पडदा

मजकूर युनिकोडमध्येच टाइप करा. छपाईच्या कामातली माणसं सवयीने श्रीलिपी किंवा कृतिदेवसारख्या जुन्या फॉन्टमध्ये टाइप करून देतात. प्लेअरमध्ये त्याची निरर्थक चिन्हं होतात. जतन करताना यूटीएफ-८ निवडा, नाहीतर सगळीकडे प्रश्नचिन्हं.

एसआरटी, म्हणजे सबटायटलच्या नेहमीच्या साध्या फाइलमधल्या वेळेचे आकडे इंग्रजीच हवेत. मराठी कीबोर्ड चालू ठेवून वेळ दुरुस्त केली की आकडे देवनागरी होतात आणि प्लेअर ती ओळ सरळ गिळतो. सेकंद आणि मिलिसेकंद यांच्यामध्ये स्वल्पविराम असतो, टिंब नाही. असली चूक शोधण्यात माझी एक अख्खी संध्याकाळ गेली आहे.

फॉन्ट मुक्ता किंवा नोटो सान्स देवनागरी. पांढरा रंग, बारीक काळी कड. बर्फावर आणि आभाळावर कडेशिवाय अक्षर दिसत नाही. काही जुन्या प्लेअरमध्ये आणि टीव्हींमध्ये जोडाक्षरं सुटी होतात, पहिली वेलांटी भलत्याच बाजूला जाते. ‘युद्ध’, ‘मृत्यू’, ‘करणाऱ्या’, ‘तुझ्याशिवाय’, ‘विचार’ हे पाच शब्द एका चाचणीच्या ओळीत लिहा आणि हॉलच्याच यंत्रावर लावून पाहा. एक जरी फुटला तर सबटायटलं चित्रातच कायमची उतरवून घ्या. आमच्या पहिल्या खेळाला हे केलं नव्हतं. ‘युद्ध’ शब्द दीड तास ‘युद् ध’ असा दिसत राहिला.

हा सिनेमा जुन्या, जवळजवळ चौकोनी चौकटीचा आहे. रुंद पडद्यावर दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतील. येऊ द्या. ‘पडदा भरून दिसू दे’ म्हणून कोणी चित्र ताणलं तर चेहरे फुगतात आणि अक्षरंही.

९. दोन चाचण्या

पहिली घरी. इंग्रजी आणि रशियन दोन्ही न येणाऱ्या, शक्यतो साठीच्या पुढच्या माणसाला सिनेमा दाखवा. तुम्ही पडद्याकडे पाहू नका, त्या माणसाच्या डोळ्यांकडे पाहा. नजर सतत खाली असेल तिथे मजकूर जास्त आहे. ‘हा कोण?’ असं विचारलं तिथे तक्ता चुकला आहे. मध्ये काही समजावू नका, फक्त मिनिट लिहून ठेवा.

दुसरी हॉलमध्ये, आदल्या दिवशी, शेवटच्या रांगेत बसून. पुढच्या माणसाचं डोकं खालच्या ओळीवर येत असेल तर सबटायटलं थोडी वर घ्या. पेन ड्राइव्हवर दोन प्रती ठेवा: एक उतरवलेली, एक सुटी.

आणि प्रोजेक्टरजवळच्या माणसाशी आधी बोलून ठेवा. शेवटी स्टेशनवर सैनिकांची गाडी येते, स्तेपान गाडीवरून भाषण करतो, वेरोनिका हातातली फुलं वाटत सुटते. भाषण संपलं की सिनेमा संपला असं समजून बटणाकडे हात नेणारा एक माणूस प्रत्येक हॉलमध्ये असतो. करकोचे त्यानंतर येतात.